बांधावर वर्षभर

कोन या आमच्या गावी काकांचं भातशेत आहे. ते मी वर्षभर चित्रित करायचं ठरवलं होतं. गेल्या श्रावणात सुरुवात केली. दर रविवारी सकाळी बांधावर त्याच खुणेला तीन पायांचा स्टँड रोवायचा, वर कॅमेरा लावायचा आणि दहा मिनिटं हातच लावायचा नाही. ऊन सरकतं, बगळा येतो, लांबून न्हावा शेव्याचे कंटेनर जातात. काहीच घडत नाही असं वाटत असताना जे घडतं, ते मला हवं होतं.

घरातली पहिली ग्रॅज्युएट मी, पुढे फिल्मचंही शिकले. त्याचा अभिमान आहे, लपवत नाही. काका विचारायचे, "काय करतंस गो बाय?" मी ऐटीत सांगायचे, "वेळ टिपतेय, काका." ते मान डोलवायचे.

कापणी झाली, रान सुकलं. मे महिन्यात आमच्याकडे राब भाजतात. रोपं करायची त्या तुकड्यावर शेण, पालापाचोळा पसरून जाळतात. त्या धुरासाठी मी किती दिवस थांबले होते. त्या रविवारी गेले, तर खाचरात रांगेनं आंब्याची कलमं! मुळांच्या प्लास्टिकच्या पिशव्यासुद्धा काढलेल्या नाहीत. लावणीत रोपाचं मूळ दुखावलं तरी आमच्यावर खेकसणारा हा माणूस. मी स्टँड खांद्यावर घेऊन तशीच उभी.

"काका, हे काय?"

काका हसले. "आता नको लपवूस. मोजनी हाय ना? तू बोलली नायस, पन आमाला कललं. भातापेक्षा फलझाडाला जास्त भरपाई देतात. पंचनाम्याला झाडं दिसली म्हंजे झालं."

आमच्या गावांत बांधावर तीन पायांचं यंत्र उभं राहिलं की मोजणी होते आणि मागोमाग जमीन प्रकल्पात जाते. हे बघतच मी मोठी झाले. तरी इतक्या रविवारांत एकदाही माझ्या डोक्यात आलं नाही.

"मोजणी नाहीये काका. मी नुसती बघत होते."

"नुसती? एवढी शिकून?"

त्यांना पटायला वेळ लागला. पटलं तसं त्यांनी वाकून एक कलम उपटलं. "उद्या राब भाजू. अजून हाय वेल." मला जरा धीर आला.

घरी आलो. काकांनी राबाचं सांगितलं. काकी चुलीपुढून म्हणाल्या, "राब भाजाल, पेराल काय? तुमीच बोललात, यंदा पेरायचं नाय. मंगलवारी गिरनीत दिलं ना बियानं."

"सगलं?" काकांनी विचारलं.

"सगलं."

पणजोबांपासून दर वर्षी त्याच शेतातलं निवडून ठेवलेलं भात. दुकानात बियाणं मिळतं, हे नाही मिळत. काका ओट्यावर बसले.

काकींनी ताट माझ्यापुढे सरकवलं. "खा बाय. त्याचीच भाकरी हाय."

मी हात धुऊन बसले होते. भाकरी मोडवेना.