दोन चिठ्ठ्या, एक पेटी

ती कुणाला एक वस्तू कधी देत नसे. बोरं दिली तर दोन, सुके बोंबील दिले तर दोन. "एकटा रडतो," म्हणायची आणि दुसरा हातात कोंबायची. मी एकदा एकच अंडं मागितलं. तिने दोन आणली, त्यातलं एक नासकं निघालं. तक्रार केली तर म्हणाली, "जोडीत एखादा असा निघतोच, मास्तर. म्हणून जोड मोडतात काय?"

सायवनजवळच्या एका वारली पाड्यावर मी तेव्हा शाळामास्तर होतो. ती तिथली धवलेरी, म्हणजे लग्न लावणारी बाई. आपल्याकडे भटजी लावतात, त्यांच्यात बाई लावते, गाणी म्हणून. पाड्यावरचा एकूण एक संसार तिने जोडलेला. नवराबायको भांडली की दोघं तिच्या अंगणात. अशा बाया तुम्हीही पाहिल्या असतील. हुद्दा काही नसतो, पण पाडा त्यांच्या तोंडाकडे बघून हलतो.

पन्नासच्या दशकातली ती निवडणूक. आमचा डहाणूकडचा मतदारसंघ तेव्हा दोन आमदारांचा होता, एक जागा राखीव, एक सर्वांसाठी. प्रत्येक मतदाराला दोन चिठ्ठ्या. शिक्का मारायचा नव्हता. उमेदवार तितक्या पेट्या, पेटीवर ज्याची त्याची निशाणी, चिठ्ठी हव्या त्या पेटीत टाकायची. मात्र दोन्ही एकाच पेटीत टाकल्या तर एक बाद.

पाड्याला दोन माणसं निवडून आणायची होती. राखीव जागेवर त्यांच्यातलाच एकजण, आणि दुसरा वकील, बाहेरचा, पण पाड्याच्या जमिनीचा दावा लढणारा. वकील आमदार झाला तर जमीन राहील, एवढं सगळ्यांना कळत होतं.

तेवढंच डहाणूच्या गवताच्या व्यापाऱ्यालाही कळत होतं. त्या जमिनीवरचं गवत त्याच्या वखारीत जायचं. शाळाखात्यात त्याची ऊठबस होती, आणि मला नरपडला, घरी, बदली हवी होती. आई अंथरुणाला खिळलेली. शेठ हसत म्हणाला, "मास्तर, खोटं बोला असं मी कुठे म्हणतो? ओछुं बोलजो, बस. कमी बोला."

मतदान कसं करायचं ते लोकांना शिकवायचं काम माझ्याकडे होतं. शाळेच्या पडवीत दोन पत्र्याचे डबे मांडले, कागदाच्या चिठ्ठ्या केल्या. पाडा जमला. मी सांगायला लागलो, तोच ती पुढे आली. दोन्ही चिठ्ठ्या तिने हातात घेतल्या, एकीत दुसरी ठेवून गुंडाळल्या.

"ही नवरा-नवरीच ना, मास्तर? मग दोन घरांत कशी निजतील?"

लोक हसले. एक म्हातारा म्हणाला, "बाय, तुला सगळीकडं लग्नच दिसतं."

"गप रं. तुझं मीच लावलं, नायतर तुला कोण देत होता पोरगी?" मग माझ्याकडे वळून, हसू पुसून, तिने विचारलं, "दोनी एकाच पेटीत ना? आपल्या माणसाच्या?"

मी खडूचे हात धोतराला पुसले. सगळे माझ्याकडे बघत होते.

"तुम्हाला समजलंच आहे, बाय," मी म्हणालो.

मतदानाच्या दिवशी ती पाड्याच्या पुढे चालत आली, लग्नाच्या वऱ्हाडापुढे चालावं तशी. मी दाराशी उभा होतो. प्रत्येकजण आत जाताना चिठ्ठ्या गुंडाळत होता. अजून वेळ होता. एका वाक्याचं काम होतं. दुपारपर्यंत मी ते वाक्य मनात जुळवत राहिलो आणि संध्याकाळी पेट्यांना लाख लागली.

त्यांचा माणूस निवडून आला. वकील थोडक्यात पडला. आमच्या पाड्याच्या मतांनी ते अंतर भरून निघालं असतं की नाही, मला माहीत नाही. पण मोजणीला गेलेला वकिलाचा माणूस पाड्यावर येऊन म्हणाला, "तुमच्या चिठ्ठ्या जोडीजोडीने निघाल्या. प्रत्येक जोडीतली दुसरी बाद."

तिच्या अंगणात लोक जमले. मीही गेलो, न जाणं वाईट दिसलं असतं. तोच म्हातारा या वेळी हसला नाही. "बाय, तुला हे कुणी सांगितलं?"

तिने माझ्याकडे पाहिलं. बराच वेळ. 

"कुणी नाय," ती म्हणाली. "माझ्या डोक्यात आलं, मी सांगितलं."

त्या वर्षी पाड्यावरच्या लग्नांना दुसऱ्या पाड्याची धवलेरी बोलावली. पुढच्या वर्षीही. जमिनीचं गवत आणखी काही वर्षं शेठच्या वखारीतच गेलं. माझी बदली झाली. आई माझ्या हातचं पाणी पिऊन गेली. हे सुख मला कसं मिळालं ते आजवर मी घरात कुणाला सांगितलेलं नाही.

पुढे कायदा बदलला. दोन आमदारांचे मतदारसंघ मोडून एकेकाचे केले. बासष्ट साली मतदानाच्या कामावर मला पुन्हा सायवनलाच पाठवलं. आता एकच चिठ्ठी, तिच्यावर सगळ्यांच्या निशाण्या, आपल्या निशाणीवर शिक्का मारायचा. लोकांना समजावून सांगायचं काम या वेळीही माझं. मी दिवसभर सांगत होतो, घसा बसेपर्यंत, ज्यांना कळलं होतं त्यांनाही.

ती एकटी आली. वाकली होती. मी लगबगीने उठलो.

"बाय, हे बघा, या वेळी असं आहे..."

"तुम्ही बसा, मास्तर," ती म्हणाली. आवाजात राग नव्हता. ती शेजारच्या टेबलाशी गेली. तिथे तलासरीकडून आलेला नवखा कारकून होता, तिने त्याला जन्मात पाहिलेलं नव्हतं. त्याच्यापुढे चिठ्ठी धरून तिने विचारलं, "पोरा, हे कसं करायचं?"

त्याने सांगितलं. तिने दोनदा विचारून घेतलं आणि पडद्याआड गेली. बाहेर आली ती माझ्या टेबलासमोरूनच, पण मान न वळवता.

ती गेल्याचं मला फार उशिरा कळलं, तेही चारोटीला भेटलेल्या एका जुन्या विद्यार्थ्याकडून. शेवटी कुणाचं नाव घेत होती का, असं मी विचारणार होतो. विचारलं नाही.