अंगठ्याचं नख

धायरीहून शनिवार पेठेकडे जाणाऱ्या बसमध्ये ती रोज माझ्या शेजारी बसायची आणि एका खाणावळीसाठी मांडीवरचा लसूण सोलायची. तिचं नाव मी कधी विचारलं नाही. उन्हाळ्यात दारात सापडून तिच्या उजव्या हाताच्या अंगठ्याचं नख मुळापासून निघालं. चौथ्या दिवशी ती अंगठ्याला चिंधी बांधून आली आणि डाव्या हाताने सोलू लागली. चिंधीतून रस आत गेला, की ओठ दाबून खिडकीबाहेर बघायची.

"मावशी, थोडे दिवस थांबा ना," मी म्हणाले.

"मालकानं दुसरी बाई बघून ठेवलीय, ताई. मी थांबले की ती आलीच."

पुढे मुळाशी नखाची पातळ कड दिसू लागली. ती टोकापर्यंत यायला दिवाळी उजाडली. त्या सकाळी तिने एक पाकळी घेऊन त्यावर नवं नख टेकवलं. नख वाकलं. तिने डोळे मिटून पुन्हा दाबलं, तशी साल फाटली.

तिने माझं बोट धरून नखावरून फिरवलं.

"खडबडीत हाय, पण घट्ट हाय."

मग तिने पुढची पाकळी उचलली.