तिसऱ्या फरशीवरचा ओरखडा

मुलगी बारावीला. कॉसच्या किमतीवरून कोन काढायचा होता, तोही रोजच्या जगण्यातलं उदाहरण घेऊन. पिंप्राळ्यातल्या आमच्या घरात मी तिच्या शेजारी खुर्ची ओढून बसलो. गणितात मी कायम काठावर पास. पण हे घरात फक्त मला ठाऊक आहे, असा माझा समज होता.

"भिंतीला टेकलेली शिडी घे," मी म्हणालो. "शिडी दहा फूट, पाय भिंतीपासून अडीच फुटांवर."

"म्हणजे कॉस पॉइंट टू फाइव्ह. आता कोन काढा, पप्पा."

मी एकाला पॉइंट टू फाइव्हने भागलं आणि ऐटीत सांगितलं, "चार अंश!"

"चार अंशात शिडी झोपते, पप्पा. भागायचं नाहीये. कोणत्या कोनाचा कॉस एवढा येतो, ते मागे जाऊन शोधायचंय."

मग मी कॅल्क्युलेटर हिसकावला. १.३१८ आलं. "रेडियनवर टाकलात तुम्ही!" म्हणत ती टेबलावर डोकं ठेवून हसली. मीही हसलो.

आकडे मात्र मी हवेतून काढले नव्हते. ती शिडी नानांची, माझ्या वडिलांची. सावद्याच्या घरी धाब्याच्या छतावर मिरच्या वाळत घालायला ते रोज त्याच लोखंडी शिडीने चढायचे. तिच्या पायांनी मातीच्या अंगणात दोन खळगे पडले होते. शिडी त्यातच रोवायची, ही घरची रीत. नानांना अंगणात शेणमातीचा त्रास नको म्हणून मी गुळगुळीत फरशी बसवून घेतली, फूटभर लांबीरुंदीची. गावभर कौतुकही करून घेतलं. खळगे बुजले. महिन्याभरात नाना शिडीवरून पडले.

"मह्याच हातून चुकलं रे भाऊ," खाटेवरून ते मला म्हणाले होते. "शिडी जास्तच तिरपी लागली." तीन महिन्यांनी ते गेले. वयामुळे अंदाज चुकला, असं सगळे म्हणाले. सगळ्यांत जास्त वेळा मी म्हणालो.

फरशीवर शिडी घसरल्याचे दोन ओरखडे आहेत. भिंतीपासून मोजत गेलं की तिसऱ्या फरशीच्या मध्यावर सुरू होतात. दर खेपेला मी ते पाहतो, आणि वरून चालणं टाळतो.

"पंच्याहत्तर पॉइंट पाच अंश," मुलगी म्हणाली. "एकदम बरोबर लावलीय. शिडी साधारण पंच्याहत्तरलाच ठेवावी म्हणतात." मग तिने वर पाहिलं. "ही आजोबांची शिडी ना? मग पडले कसे?"

एरवी मला कशावरही विनोद सुचतो.

रविवारी छिन्नी-हातोडी घेऊन सावद्याला गेलो. ओरखडे सुरू होतात त्या दोन फरश्या उचकटल्या. तिरप्या छिन्नीने आधी बोट फोडून घेतलं, ते वेगळं. पहिली फरशी उलटी केली, तर तिच्या पाठीला सिमेंटचा मुठीएवढा गोळा चिकटलेला. दुसरीलाही. खळग्यांत ओतलेला माल खळग्यांचाच आकार घेऊन वाळला होता. ओरखडा वर सुरू होत होता, त्याच्या नेमका खाली.

नानांना खळगे दिसत नव्हते. तरी त्यांनी शिडी तिथेच लावली होती.

घरी आल्यावर मुलीला म्हणालो, "फरशी मी बसवली होती." ती माझ्या बोटाला पट्टी बांधत बसली.