कणी धरायची का?

मुरबाडच्या गिरणीत परवा भात भरडून झाल्यावर गिरणीवाल्याने विचारलं, "ताई, कणी वेगळी भरू का?" कोंड्याच्या त्या उबदार वासात मी एकदम सातवीच्या फळ्यासमोर जाऊन उभी राहिले.

गणित होतं, भाताचा तीस टक्के कोंडा निघाला तर तांदूळ किती टक्के? मी विचारलं, "सर, कणी तांदळात धरायची का नाय?" आमच्याकडे अख्खा तांदूळ सणालाच शिजायचा, एरवी कणीच. वर्ग हसला.

"गणितात कणी नसते. उत्तर येईपर्यंत तिथेच उभी राहा."

सत्तर लिहिलं असतं तर सुटले असते. पण त्या सत्तरात आमची कणी कुठे गेली ते कळेना, आणि हात उठेना. घंटा होईस्तोवर तोंड फळ्याकडे, पाठीवर सगळ्या वर्गाचे डोळे.

"एकातच भर, दादा," मी गिरणीवाल्याला म्हणाले. "कणी तांदूळच असते." बोलताना पाठ मात्र त्या फळ्यासमोरच्यासारखीच ताठ होती.