पहिला फटका त्याचा

“दुखणार नाही” असं डॉक्टर नफीसा आपांनी एकाही पेशंटला कधी सांगितलं नाही. पोर खुर्चीत बसून भोकाड पसरायचं, आई बाजूला उभी राहून “काही होत नाही रे, मुंगी चावते” असं धडधडीत खोटं बोलायची, आणि आपा सुई हातात घेऊन शांतपणे म्हणायच्या, “दुखेल, बेटा. मुंगी नाही, सुई आहे ही. पण किती दुखेल ते माझ्या हातात आहे.” आया चिडायच्या. पोरं मात्र तोंड उघडायची. खरं बोलणारं मोठं माणूस त्यांना बहुतेक पहिल्यांदाच भेटलेलं असायचं.

करंजाड्यात आमच्या सोसायटीच्या तळमजल्यावरच्या गाळ्यात आपांचा दाताचा दवाखाना. बाई मूळच्या आपट्याच्या, कोकणी मुसलमान, साठी ओलांडलेल्या. डोक्यावर ओढणी, नाकावर घसरलेला चष्मा. दोन पेशंटांच्या मधे हातमोजे काढायच्या, मोबाईल उचलायच्या आणि राक्षसांची झुंज लावायच्या. दाढ दुखते म्हणून आलेल्या एका शाळकरी मुलीने त्यांना तो खेळ दाखवला होता. पुढे त्या मुलीला आपांना हरवता येईना.

खेळ समजायला सोपा आहे. दोघांकडे तीन-तीन राक्षस, मैदानात एका वेळी एकेक. दोघांनी आपापली चाल गुपचूप निवडायची. फटका मारायचा, नाहीतर आपला राक्षस मागे घेऊन दुसरा पुढे करायचा. मग दोन्ही चाली एकदम उघड होतात. राक्षस बदलला असेल तर तो बदल आधी होतो. फटके मात्र चपळाईच्या क्रमाने पडतात, जो चपळ त्याचा आधी. तुमचा राक्षस कितीही दणकट असो, समोरच्या चपळाने त्याला आधीच लोळवलं तर तुमची ताकद काय चाटायची?

आपांची माझी ओळख अक्कलदाढेमुळे झाली. मी तेव्हा मैदानावरच्या पार्किंगविरुद्धची पत्रकं वाटत होते. गठ्ठा घेऊनच खुर्चीत बसले. इंजेक्शन चढेपर्यंत आपांनी एक पत्रक घेऊन वाचलं. अख्खं वाचलं. करंजाड्यात माझं पत्रक अख्खं वाचणारं ते पहिलं माणूस. मग चष्म्यावरून बघत म्हणाल्या, “मुद्दा बरोबर आहे. पण बेटा, तुझी सगळीच वाक्यं ओरडतात. माणूस कान कुठे ठेवणार?” माझं अर्धं तोंड बधिर झालेलं. उत्तर देता येईना. आयुष्यात जेवढे वाद हरले नसेन तेवढे मी त्या दहा मिनिटांत हरले. त्या दिवसापासून मी त्यांची “पत्रकवाली” झाले.

आता खोलीबद्दल. सोसायटीच्या मुलांना मैदान होतं, पार्किंग होतं, कोपऱ्यावरचा कट्टा होता. मुलींना काय होतं? गच्चीवरची एक खोली. रविवारी आमच्या आणि शेजारच्या इमारतींतल्या मुली तिथे जमायच्या आणि आपा त्यांना झुंज शिकवायच्या. आरडाओरडा व्हायचा, हसणं व्हायचं. मुलींचं हसणं काही लोकांना फार लवकर ऐकू येतं. आमच्या सेक्रेटरींना आलं. सोसायटीच्या बैठकीत ते म्हणाले, “पोरी मोबाईलवर बिघडताहेत. आणि तिथे कोण कोण येतं, यावर कुणाचं लक्ष आहे का?” ‘कोण कोण’ म्हणजे कोण, हे त्यांनी सांगितलं नाही. सांगावं लागलंच नाही. सगळ्यांच्या नजरा आपांच्या ओढणीवर गेल्या. मी विचारते, इतकी वर्षं ज्या बाईच्या हातात तुम्ही जबडा दिलात, तिच्या हातात खोलीची किल्ली दिलीत तर काय आकाश कोसळणार होतं?

मी उठून बोलायला लागले. सेक्रेटरी हसले. “अगं, खेळ तरी येतो का यांना? आमचा रोहन कॉलेजात पहिला येतो या खेळात. त्याला एकीने हरवून दाखवा, खोली तुमची. नाहीतर रविवारपासून कुलूप.” लोक हसले, बैठक संपली. त्यांना वाटलं विनोद झाला. मी त्याच संध्याकाळी त्यांचं वाक्य जसंच्या तसं पत्रकावर छापून घरोघरी टाकलं. खाली त्यांचं पद, वर मोठ्या टायपात: “सेक्रेटरींचा शब्द!”

आपांनी पत्रक वाचलं. “आता त्याला माघार नाही,” म्हणाल्या. “आणि आपल्यालाही. खेळणार कोण?”

“मी.”

“तौबा,” आपा म्हणाल्या आणि कपाळाला हात लावला.

रोहनची सगळी मदार वीजपाकोळीवर, हे कॉलेजातल्या मुलांकडून कळलं होतं. पाकोळीसारखा भिरभिरता राक्षस. तिच्याआधी कुणाचाच फटका पडत नाही. माझा आवडता राक्षस बगळा. विजेचा एक झटका की खलास. मी रोज आपांशी खेळायचे, त्या वीजपाकोळी घ्यायच्या, आणि मी रोज मरायचे. कारण मला एकच सुचायचं: तिच्याआधी आपण मारू.

“पहिला फटका त्याचाच,” आपा म्हणायच्या. “ते डोक्यातून काढून टाक. कुठे लागेल ते तू ठरव.” माझ्याकडे चिखल्या नावाचा एक गबाळा, मंद राक्षस होता. नावाप्रमाणे सगळा चिखल. वीज त्याच्यात जिरते, त्याला काही होत नाही. त्याला वाढवताना मी सगळे गुण ताकदीला द्यायला निघाले, तर आपांनी माझ्या हातातून मोबाईलच घेतला. “मार वाढवू नकोस. चामडी वाढव. पाकोळी चपळ आहे म्हणजे पातळ आहे. तिला तुझा एकच फटका पुरेल. पण तो मारायला तू उभी तर राहा!”

मोबाईल परत देताना त्यांचा हात थरथरत होता. दाढ उपटायची वेळ आली की त्या पेशंटला दुसऱ्या डॉक्टरकडे पाठवतात, हे माझ्या लक्षात आलेलं होतं. मी विचारलं. “डॉक्टरांनी नाव सांगितलंय त्याचं,” त्या म्हणाल्या. “लंबंचौडं नाव आहे, तुझ्या पत्रकात मावणार नाही. जाऊ दे. पहिला फटका त्याने मारला, मला बसला. आता माझी चाल आहे. तू तुझी बघ.”

रविवारी गच्चीवरच्या खोलीत पाय ठेवायला जागा नव्हती. कुणीतरी घरचा टीव्ही आणून मोबाईलला जोडला होता. मुली एका बाजूला, रोहनचे मित्र दुसऱ्या, आणि सेक्रेटरी मधोमध खुर्चीत, मांडीवर नवंकोरं कुलूप. होय, कुलूप सोबत घेऊनच आले होते.

सुरुवातीला त्याचे दोन राक्षस पडले, माझा एक पडला. मुलींनी खोली डोक्यावर घेतली. माझा बगळा मैदानात होता. तेवढ्यात रोहनने आपला शेवटचा राक्षस काढला, वीजपाकोळी. माझ्याकडे बगळा आणि मागे चिखल्या. पाकोळीकडे दोन हत्यारं: वीज आणि चावा. वीज टाकली तर बगळा मरणार, आणि बळी घेणाऱ्याचा जोर दुप्पट होतो, मग तिचा एकच चावा चिखल्याला पुरणार. मी बगळा मागे घेऊन चिखल्या पुढे केला तर वीज चिखलात जिरेल. पण माझा बदल ओळखून त्याने चावा घेतला तर? मग पुढच्या डावात पाकोळी पुन्हा आधीच चावणार, आणि दोन चावे चिखल्याला झेपणारे नव्हते. खोली गेली.

चाल द्यायची वेळ मोजणाऱ्या घड्याळाचा काटा पडद्यावर सरकत होता. मी दारात उभ्या असलेल्या आपांकडे पाहिलं. त्यांनी मान हलवली नाही, डोळा मारला नाही. फक्त रोहनकडे बघत राहिल्या. मग मीही पाहिलं. रोहनने मोबाईल गुडघ्यावर उपडा ठेवला होता आणि मित्राच्या हातातला वेफर खात होता. चाल देऊन मोकळा! माझ्याकडे त्याने पाहिलंही नव्हतं. मी काय करेन हा प्रश्नच त्याला पडला नव्हता. “दाब ना ताई,” तो म्हणाला, “वेफर संपत आले.”

समोर दिसतोय तो बगळा. न बघता मारणारा माणूस समोर दिसतं त्यालाच मारतो. मी बगळा मागे घेतला.

वीज कडाडली आणि चिखलात गडप झाली. वेफर धरलेला हात थांबला. पुढच्या डावाला त्याने मोबाईल सरळ धरला, दात-ओठ खाल्ले. पाकोळी आधी झेपावली, अर्थातच, आणि चिखल्याला कडकडून चावली. चिखल्याच्या जिवाची पट्टी घसरली, घसरली, लाल झाली. माझ्या मागे कुणीतरी “अल्ला” म्हणालं, कुणीतरी “देवा”. केसाएवढी लाल रेघ उरली आणि थांबली. चामडीने तग धरला होता. मग आमचा मंद, गबाळा चिखल्या सावकाश उठला आणि त्याने एकच हात मारला. पाकोळी आडवी.

सेक्रेटरींनी टाळ्या वाजवल्या, हं. उठून म्हणाले, “छान खेळलीस. पण खेळ वेगळा, सोसायटीचा कारभार वेगळा.” आणि सगळ्यांना बाहेर काढून सगळ्यांच्या देखत खोलीला कुलूप लावलं. रोहन खाली मान घालून म्हणाला, “बाबा, तुम्ही म्हणाला होतात.” “तू गप रे.”

मी धडधडत जिना उतरले, नवं पत्रक डोक्यात लिहीतच आपांच्या दवाखान्यात शिरले. “विश्वासघात! हे नाव देते. उद्या सकाळी प्रत्येक दारात...”

“बस आधी. कुलूप कशाला लावलं त्याने?”

“खोलीला!”

“खोलीलाच ना?” आपांनी खण उघडला आणि दवाखान्याची किल्ली टेबलावर ठेवली. तेव्हा माझं लक्ष गेलं. पेशंटची खुर्ची जागेवर नव्हती. जमिनीवर नुसते तिचे डाग. “हात गेला, दवाखाना मिटला. गाळा माझ्या नावावर आहे, इथे त्याचं कुलूप चालत नाही. रविवारी पोरींना इथे आण.”

मी किल्ली उचलली. “तो शब्द फिरवणार हे तुम्हाला माहीत होतं?”

“बिलकुल.”

“मग मला खेळवलंत कशाला?”

“पोरींनी बघायला हवं होतं. तू जिंकताना, आणि तो शब्द फिरवताना. पत्रक छापून हे दिसलं नसतं, पत्रकवाली.” मग हळूच म्हणाल्या, “दुखलं ना?”

“हो.”

“दुखणारच होतं.”

आपा आता आपट्याला भावाच्या घरी असतात, पाताळगंगेच्या काठी. गाळ्यात रविवारी इतका गोंगाट असतो की वरच्या मजल्यावरच्या सेक्रेटरींना खिडक्या लावून घ्याव्या लागतात. गच्चीवरच्या खोलीला कुलूप आहे अजून. आत रिकाम्या टाक्या आहेत, त्यांचं उत्तम रक्षण चाललंय.

आम्ही दोघी फोनवरून खेळतो. चाल द्यायला आपांना आता घड्याळाची सगळी वेळ लागते, कारण अंगठा जागेवर टेकायलाच तेवढा वेळ जातो. मी त्यांना कधी “दाबा ना” म्हणत नाही. परवा माझा राक्षस चपळ होता, त्यांचा समोर जखमी. मी चाल दिली आणि काटा शेवटाला येईपर्यंत पडद्याकडे बघत बसले. शेवटच्या क्षणी त्यांची चाल आली. त्यांनी जखमी राक्षस मागे घेतला होता, आणि माझी वीज चिखलात गेली.