फिनलंडचा कॅमेरावाला

उधन्यातल्या (सुरत) समस्त रहिवाशांना अत्यंत गांभीर्याने कळवण्यात येते की आमच्या चाळीत फिनलंडचा एक कॅमेरामन मुक्कामाला आहे. तीस वर्षं दिग्दर्शक म्हणेल तिकडे त्याने कॅमेरा फिरवला. आता स्वतःच्या मर्जीने तो सुरतेच्या साड्यांवर माहितीपट करतोय. त्याला "चहा घेणार का?" असं हिंदीत विचारलं, की तो इतका विचार करतो, की त्याचं "हां" येईपर्यंत आम्ही आमचे कप विसळून ठेवलेले असतात. कोणाच्याही घरी कॅमेरा उचलण्याआधी बूट काढतो आणि मोज्यांची घडी करून त्यात ठेवतो.

परवा त्याने तासभर माझ्या वहिनीचं शूटिंग केलं. ती घरी साड्यांना खडे चिकटवते. तो गेला आणि तिने वळून पाहिलं. तिच्या मागे प्लास्टर पडलेली भिंत होती, आणि तिच्या मुलीचं, माझ्या पुतणीचं, लग्न धुळ्याला जमत आलं होतं.

"भाऊजी, सोयऱ्यांनी हे घर बघितलं तर पोरीचं मोडेल. त्याला म्हणा, पुसून टाक सगळं."

मी जाऊन सांगितलं. तो कॅमेरा घेऊन आला, वहिनीशेजारी जमिनीवर बसला आणि छोटा पडदा तिच्याकडे वळवला. त्यात फक्त तिची बोटं होती, खडा उचलणारी, अलगद टेकवणारी. भिंत नाही, घर नाही.

वहिनीने सुटकेचा श्वास सोडला. पुन्हा एकदा वाकून पडद्यात पाहिलं आणि म्हणाली, "मग मी सकाळपासून तोंडाला पावडर कशाला लावून बसली होती?"