बडे बाबूंची गंमत

बाभुळगावच्या रस्त्यावर एका जिनिंग कारखान्याच्या आवारात कापूस खरेदी केंद्र होतं. तिथं मी काट्यावर कारकून म्हणून लागले. गाडी काट्यावर चढली की वजन पाहायचं, चिठ्ठी फाडायची, शेतकऱ्याच्या हातात द्यायची. कापसाची ती वाईट वर्षं होती. भाव पडलेला, गाड्यांची रांग फाटकाबाहेर सडकेपर्यंत, आणि रांगेतला प्रत्येक माणूस आधीच तापलेला.

केंद्राचा कारभार बडे बाबूंकडं होता. पन्नाशीचा, हसतमुख माणूस. आल्या-आल्याच त्यांनी सगळ्यांसमोर विचारलं, "मॅडम, तुम्ही कोट्यातल्या ना?" मी हो म्हटलं. आमचं घर बौद्ध, आजोबांनी दीक्षा घेतलेली. त्यात लपवण्यासारखं काय होतं? तेव्हापासून मी 'कोटा मॅडम' झाले. कापसाची प्रत ठरवणारा ग्रेडर हसे, हमाल हसत. मीही हसायची.

मग माझी खुर्ची नाहीशी होऊ लागली. सकाळी यावं तर काट्याजवळ खुर्ची नाही. बडे बाबू म्हणायचे, "तरुण आहात, उभं राहायला काय होते?" चहा सगळ्यांना यायचा, माझ्यापर्यंत येता येता किटली रिकामी व्हायची. एकदा त्यांनी मला सांगितलं, उद्या काटा उशिरा सुरू होईल. मी त्या हिशोबानं पोचले, तर गाड्या खोळंबलेल्या आणि बडे बाबू शेतकऱ्यांना सांगत होते, "मी काय करू भाऊ? बाईसाहेबांची झोप झाली नाही." त्या दिवशी लोकांनी मला जे बोलून घेतलं, ते अजून कानात आहे.

मला वाटायचं, माझंच काहीतरी चुकतंय. आपल्याला मस्करी सहन होत नाही, आपण फार हळव्या आहोत. डबा तसाच परत न्यायची. आई विचारायची, "काहून जेवली नाही व?" मी तिच्यावरच खेकसायची.

एका रविवारी कळंबच्या स्टँडवर "काट्यावरच्या मॅडम ना?" म्हणत एक बाई माझ्याजवळ आली. माझ्याआधी काट्यावर तीच होती. वर्षाच्या आत नोकरी सोडून आता घरी शिवणकाम करत होती. माझ्याकडं नीट पाहून तिनं विचारलं, "खुर्ची अजून गायब होते का?"

मी मान हलवली.

"मले वाटे, माह्यातच खोट हाय," ती म्हणाली. "तुह्या तोंडाकडं पाहून आज समजलं. खोट त्या माणसात हाय."

तिला कोट्यावरून बोलत नसत. ती बंजारा, तांड्यावरची. तिच्या बोलण्याची नक्कल करत. बाकी सगळं तेच. खुर्ची, चहा, खोटी वेळ. आम्ही दोघी स्टँडवरच्या बाकावर बसून एकमेकींना एकेक गोष्ट सांगत राहिलो, आणि माझी एसटी निघून गेली.

दुसऱ्या दिवशी काट्यावर खुर्ची नव्हतीच. पहिली गाडी चढली. मी चिठ्ठी फाडली नाही.

"काहून थांबलं, बाई?" गाडीवाल्या काकांनी विचारलं.

"माझी खुर्ची रोज उचलून नेतात, काका. मी दिवसभर उभी असते. आज खुर्ची आल्यावर वजन करते."

रांगेतल्या सगळ्यांना ते ऐकू गेलं. बडे बाबू हसत पुढं आले. "अहो, गंमत..."

"गंमत असेल तर यवतमाळच्या मोठ्या साहेबांसमोर करा," मी म्हटलं.

"बाबू, द्या न खुर्ची," काका वैतागले. "तुमच्या भानगडीत आमची गाडी कायले अडवून राह्यले?"

काकांना माझ्याशी काही घेणंदेणं नव्हतं, त्यांना वजन हवं होतं. पण खुर्ची आली.

त्याच आठवड्यात आम्ही दोघी यवतमाळला साहेबांकडं गेलो. साहेब म्हणाले, बाबूंचा स्वभावच गमत्या आहे, सांभाळून घ्या. तेव्हा ती म्हणाली, "त्या गमतीपायी मी नोकरी सोडली, साहेब." साहेबांनी ग्रेडरला बोलावून घेतलं. इतके दिवस हसणाऱ्या ग्रेडरनं मान खाली घालून सगळं खरं सांगितलं.

शिक्षा काही झाली नाही. बडे बाबूंची बदली दारव्ह्याच्या केंद्रावर झाली, एवढंच. तिथंही काट्यावर एक नवी मुलगी लागली होती. मी सुट्टी काढून, जीप धरून तिला भेटायला गेले. "मले तर काही त्रास नाही, ताई," असं म्हणून ती कामाला लागली. मी माझ्या गावाचं नाव सांगून परत आले. वाटेत स्वतःचाच राग आला, विनाकारण गेले म्हणून.

पुढं हंगाम संपत आला असताना एका दुपारी दारव्ह्याची ती मुलगी आमच्या दारात उभी होती. पाणी प्यायली. मग म्हणाली, "तुम्ही साहेबांकडं गेलत्या ना? तिथं काय बोलाव लागते?"

या खेपेला आम्ही तिघी गेलो. साहेबांनी कुणाचा स्वभाव सांगितला नाही. बडे बाबूंना त्यांनी यवतमाळच्या कचेरीत एक टेबल दिलं. हाताखाली कुणी नाही. निवृत्त होईपर्यंत ते तिथंच बसले.